चाळीस माणसं, एक पेटी, माईक नाही: वाडीत सामूहिक गाणं कसं बसवावं

कोकणात माणसांना गायला शिकवावं लागत नाही. चतुर्थीत घरोघर आरत्या म्हणत फिरणारी पोरं चढत्या लयीत एकही शब्द न अडखळता पाच-सहा आरत्या ओढून नेतात. अडचण वेगळीच आहे. इथलं गाणं वाटलेलं आहे. भजन मंडळ बहुतेक ठिकाणी पुरुषांचं, फुगडी आणि मंगळागौर बायकांची, जाखडी नाचात शक्तीवाले आणि तुरेवाले समोरासमोर, डबलबारीच्या भजन-सामन्यात दोन बुवा भिडणार आणि बाकीचा गाव मांडी घालून ऐकणार. खालची वाडी वरच्या वाडीच्या मंडळात बसत नाही. बंदरावरची वस्ती देवळाच्या सभामंडपात सहसा येत नाही.

म्हणून एखाद्या गायकाला, संगीत शिक्षकाला किंवा नाटकवाल्याला गाण्यातून गाव जोडायचा असेल, तर त्याने गावाला सूर शिकवण्याच्या भरीस पडू नये. एक तास असा जुळवावा, की त्यात ऐकणारा कुणीच उरणार नाही. पुढची सगळी व्यवस्था, म्हणजे बसायचं कसं, पट्टी कुठली, ओळ केवढी, याच एका अटीवर बेतलेली आहे.

हा प्रकार जगात इतरत्रही चालतो. ब्रिस्बेनची ॲस्ट्रिड जॉर्गेन्सन २०१७पासून एका संध्याकाळी शेकडो, कधी हजारो अनोळखी माणसांना एकच गाणं तीन भागांत शिकवते. निवड चाचणी नाही, तालमी नाहीत. आपल्याकडे राष्ट्र सेवा दलाच्या शाखांवर समूहगीतं अशीच कानाने पोचली. ब्रिस्बेनला पडद्यावर शब्द आणि हातात माईक असतो. वाडीत ते नसलेलंच बरं. का, ते पुढे येईल.

कधी आणि कुठे

आधी गावाचं कॅलेंडर बघा. भातशेतीच्या वाडीत जून-जुलै बाद: लावणीच्या दिवसांत माणसं संध्याकाळी सातला जेवून आडवी होतात. बंदरावर नेमकं उलट. महाराष्ट्राच्या किनाऱ्यावर १ जून ते ३१ जुलै यांत्रिक मासेमारी बंद असते, होड्या शाकारलेल्या असतात, माणसं घरी असतात. गावात दोन्ही वस्त्या असतील तर भातकापणी आटोपल्यावरचे नोव्हेंबर-डिसेंबर धरा. सिंधुदुर्गात तेव्हा जत्रा आणि दशावतार सुरू होतात, म्हणून जत्रेची तारीख आधी विचारून घ्या. त्या रात्री तुमच्याकडे कुत्रंही फिरकणार नाही. मार्च ते मे आंबा. बागायतदार आणि बागेतले गडी दोघांनाही सवड नसते, त्यात शिमगा.

बैठक महिन्यातून एकदा, पौर्णिमेच्या जवळच्या शनिवारी, रात्री साडेसातला. पौर्णिमा लक्षात राहते आणि परतताना पाणंदीत उजेड असतो. नऊला संपवा. माणसं आणखी थांबायला तयार असली तरीही.

जागेबद्दल. कौलारू छप्पर आणि चिऱ्याच्या भिंती असलेला शाळेचा जुना वर्ग सर्वांत चांगला: घुमारा बेताचा, आवाज जवळ राहतो. नवं स्लॅबचं समाजमंदिर घुमतं. तिथे तळाशी सतरंज्या आणि मागच्या भिंतीला दोन गोधड्या टांगल्या की शब्द कळायला लागतात. पत्र्याचं छप्पर पावसाळ्यात घेऊ नका. सर आली की शेजारच्याचा आवाजही ऐकू येत नाही आणि माणूस ओरडायला लागतो. देऊळ घ्यायचं की नाही हा जागेपेक्षा मानाचा प्रश्न आहे. काही घरं देवळात येत नसतील, तर शाळा घ्या.

समुद्रकिनाऱ्यावर गायची हौस बहुतेकांना असते, विशेषतः मुंबईहून आलेल्यांना. फोटो छान येतात, गाणं होत नाही. लाटांचा घोष सतत चालू असतो, उघड्यावर आवाज परत येत नाही, आणि सुरूच्या बनात उभं राहिलं तर वर सुरू वेगळाच सूं-सूं करतो. तरी करायचंच असेल तर संध्याकाळी वारा समुद्राकडून येतो हे ध्यानात ठेवा: शिकवणाऱ्याने समुद्राकडे पाठ करावी, म्हणजे त्याचा आवाज वाऱ्यासोबत माणसांपर्यंत जातो. माणसं वीसपेक्षा जास्त नकोत आणि ती खांद्याला खांदा लावून हवीत.

माणसं बोलावणं

व्हॉट्सॲपवर टाकलेल्या निमंत्रणाला अंगठे येतात, माणसं येत नाहीत. घरोघर जा. पण त्याआधी दोन घरं. पहिलं भजन मंडळाच्या बुवांचं. त्यांना वगळून गावात गाणं सुरू केलंत तर ते दुसरं मंडळ ठरतं आणि पहिल्याच दिवशी बाजू पडतात. त्यांना सांगायचं ते असं: “बुवा, इथे बारी नाही. तुमचा आवाज नको, तुमचा कान हवा. पेटीवर सूर धरून बसाल का?” मान राखला जातो आणि गावातला सर्वांत मोठा आवाज गप्प बसतो. दोन्ही गोष्टी लागतात.

दुसरं घर बचत गटाच्या अध्यक्ष ताईंचं किंवा आशाताईंचं. बायका एकेकट्या येत नाहीत, पाच जणींचा घोळका येतो, आणि तो घोळका त्याच जमवतात.

संख्या: १५च्या खाली प्रत्येकाला आपला आवाज उघडा पडल्यासारखा वाटतो. ४० उत्तम. ८०च्या वर गेलात तर शिकवणाऱ्याशिवाय चार जण असे लागतील ज्यांना गाणं आधीच पाठ आहे.

“माका गाऊक येना नाय” हे वाक्य हमखास ऐकू येईल. वाद घालू नका, “सगळ्यांना येतं हो” असंही म्हणू नका. “बसा, ताल धरा” एवढंच म्हणा.

बसवणं

स्टेज नको, खुर्च्यांच्या रांगा नकोत. रांग केली की पुढचे गातात आणि मागचे बघतात. दोन कडी करा: आतल्यात १४, बाहेरच्यात २६. मांडी घातलेल्या माणसाला साधारण अडीच फूट लागतात, त्या हिशेबाने बाहेरचं कडं वीस-एकवीस फूट व्यासाचं होतं. बहुतेक सभामंडपांत मावतं. आतल्या कड्यात म्हातारी माणसं आणि मुलं, बाहेरच्यात बाकीचे. मोठा आवाज असलेले सलग बसू देऊ नका, चारी बाजूंना पेरा. नवराबायकोला, मायलेकींना शेजारी बसू द्या. पुरुष एकीकडे आणि बायका दुसरीकडे असं आपोआप होतं. पहिल्या बैठकीत तोडायला जाऊ नका, दुसरीपासून मुलांना मधे घुसवा की ते हळूहळू विरतं.

पेटी, पखवाज आणि शिकवणारा मधोमध. याला कारण आहे. आवाज सेकंदाला सुमारे ३४० मीटर जातो. जागेच्या दोन टोकांत १७ मीटर अंतर असेल, तर एका टोकाची टाळी दुसऱ्याला सेकंदाचा विसावा भाग उशिरा ऐकू येते. एवढा फरक कानाला खटकतो, दोन्ही टोकं एकमेकांची वाट बघायला लागतात आणि लय रेंगाळते. ताल मधे असला की सगळ्यांना तो सारख्याच अंतरावरून मिळतो.

माईक नको म्हणालो त्याचंही कारण सांगतो. माईकमधला आवाज नेहमीच जिंकतो. चाळीस जणांना आपलं गाणं ऐकू येण्याऐवजी एकाचं ऐकू येतं, मग ते तोंड हलवतात. शिवाय पावसात वीज गेली की माईकवर चालणारी बैठक तिथेच संपते.

पट्टी: इथेच बहुतेकांचं घसरतं

भजनी बुवा काळी चार, काळी पाचमधून, म्हणजे पेटीच्या सप्तकातली चौथी-पाचवी काळी पट्टी सा धरून, वरच्या सप्तकात गातात. सामान्य माणूस त्यांच्यासोबत निम्म्या वेळेला वरचा सूर गाठतो आणि निम्म्या वेळेला खालच्या सप्तकात उडी मारतो. थकतो, आणि आपल्याला गाता येत नाही असं धरून चालतो. त्याला गाता येत असतं, पट्टी त्याची नसते.

हिशेब सोपा आहे. ‘सा कुठे’ हा प्रश्न नंतर. आधी गाण्यातला सर्वांत खालचा आणि सर्वांत वरचा सूर शोधा. खालचा सूर पांढरी सहाच्या खाली जाऊ नये आणि वरचा, पुढची पांढरी सहा ओलांडल्यावर येणाऱ्या पांढरी एकच्या वर जाऊ नये. बायका या पट्ट्यात गातील, पुरुष आपोआप एक सप्तक खाली. न शिकलेल्या बहुतेक गळ्यांना एवढी जागा आरामात मिळते. गाणं सा पासून वरच्या सा पर्यंत जाणारं असेल तर सा काळी पाचवर धरा. मंद्र पंचमापासून (खालच्या सप्तकातला प) मध्य पंचमापर्यंत खेळणारं असेल तर सा पांढरी दोनवर. आठ-नऊ सुरांपेक्षा जास्त पल्ला असलेलं गाणं या कामाला घेऊच नका, ते कितीही लाडकं असलं तरी.

दहा वर्षांखालची मुलं बरीच असतील तर पट्टी एक-दोन स्वरांनी वर न्या. खालचे सूर त्यांच्या गळ्यात उतरत नाहीत. आवाज फुटायच्या वयातल्या मुलग्यांना पुरुषांशेजारी बसवा आणि कुणी हसू नये याची काळजी घ्या. त्या मुलाला एकदा कुणी हसलं की तो परत येत नाही.

आणखी एक गोष्ट, जी शिकवणाऱ्या बायकांना आणि पुरुषांना दोघांनाही माहीत हवी. ज्याला आपण बेसूर म्हणतो तो पुष्कळदा सप्तकात हरवलेला असतो. बाई शिकवते तेव्हा काही पुरुषांना तिचा सूर नेमका कुठे घ्यायचा कळत नाही, ते मधेच कुठेतरी तिसराच सूर पकडतात. उपाय एकच: तीच ओळ एका पुरुषाने गाऊन दाखवायची. पुरुष शिकवत असेल तर एका बाईने. तरीही एखादा सापडत नसेल, तर त्याच्या शेजारी त्याच्याच प्रकारचा पक्का आवाज बसवा आणि त्याला थोडं हळू गायला सांगा. मोठ्याने गाणाऱ्याला शेजारचं ऐकू येत नाही.

पेटीबद्दल इशारा. खाऱ्या दमट हवेत पितळी सूर काळे पडतात आणि पट्ट्या फुगून अडकतात. देवळाच्या कोपऱ्यात पावसाळाभर पडलेली पेटी ऐनवेळी काढू नका. आठवडाभर आधी उघडून, ऊन असेल त्या दिवशी सावलीत वारा द्या आणि सगळे सूर वाजवून बघा. सुरांना तेल लावू नका. पेटी नसेल तर फोनवरचा तानपुरा आणि कडबोळ्याच्या डब्याएवढा स्पीकर कड्याच्या मधे ठेवला तरी काम होतं. पखवाजाचं चामडं दमट हवेत सैल पडतं, गाणं सुरू व्हायच्या अर्धा तास आधी गठ्ठे ठोकून घ्या, आणि डावीकडची कणीक तेव्हाच भिजवा. आधी लावून ठेवली तर सुकून सुटते.

गाणं कुठलं

पहिल्या तीन बैठकांत देवाचं नाव असलेलं गाणं घेऊ नये, असं आमचं मत आहे. देवाशी भांडण नाही. आरतीला आणि भजनाला गावात ठरलेली जागा आहे, तिथे कोण पुढे, कोणाचा मान, हेही ठरलेलं आहे. ते सगळं गाण्यासोबत आत येतं. मुसलमान मोहल्ल्यातली किंवा ख्रिस्ती वाडीतली माणसं यायला हवी असतील तर हा प्रश्न आणखी सरळ आहे.

सिनेमाची गाणी सगळ्यांना येतात ही समजूत चुकीची. मुखडा येतो. अंतरा आला की दोन माणसं उरतात. शिवाय त्यांचा पल्ला मोठा असतो आणि मधली वाद्यं नसली की माणसांना पुढे कधी उचलायचं कळत नाही. कराओके लावलं तर मशीनच्या लयीमागे धावणं सुरू होतं.

काम करतं ते: छोट्या ओळीचं, वारंवार येणारं, बोलीतलं. होडी ओढताना म्हणायचे बोल. जात्यावरची ओवी. फुगडीची गाणी. नाहीतर स्वतः रचलेलं. शब्द साधे असावेत, कारण कागद द्यायचा नाही. कागद दिला की चाळीस माना खाली जातात, आवाज जमिनीत जातो, आणि ज्यांना वाचायला चष्मा लागतो किंवा वाचता येत नाही ती माणसं बाहेर पडतात.

पहिली बैठक, क्रमाने

सुरुवातीची दहा मिनिटं गाणं नाही. ओठ मिटून, जीभ सैल सोडून सा वर ‘म्’ गुणगुणायचं. ओठांना मुंग्या आल्यासारखं व्हायला हवं. येत नसतील तर जबडा आवळलेला आहे. पाच-सहा श्वास पुरे.

मग गावांची नावं. चार मात्रांची टाळी धरा. पहिला गट चार मात्रांत ‘रत्-ना-गि-री’ म्हणतो, दुसरा ‘वें-गुर्-ला’ म्हणून चौथी मात्रा मोकळी सोडतो, तिसरा ‘देव-गड’ दोन-दोन मात्रा ओढून म्हणतो. आधी एकेक, मग तिन्ही एकदम. ‘वेंगुर्ला’वाले मोकळ्या मात्रेत धडपडतात, सगळे हसतात, आणि आपण वेगळं म्हणत असताना शेजारच्याचं ऐकायचं असतं हे न सांगता कळतं. आपल्याच तालुक्याची नावं घेतलीत तर आणखी मजा.

आता गाणं. खाली भूप रागाच्या सुरांत रचलेल्या तीन ओळी आहेत, ताल केरवा, आठ मात्रा. आडवी रेघ म्हणजे आधीचा सूर ओढायचा, सां म्हणजे वरचा सा. सा काळी पाच. लय मिनिटाला साधारण ८४ मात्रा. म्हणजे एक ओळ पावणेसहा सेकंदांची, एका श्वासात मावणारी.

ओळ पहिली
सा रे ग – । प – ग –
ओ हो टी – । सर – ली –

ओळ दुसरी
प – ध – । सां – ध –
भर – ती – । आ – ली –

ओळ तिसरी
प प ग ग । सा – – –
हो डी सो डा । रे – – –

खालचा धरलेला सूर
सा – सा – । सा – – –
है – या – । हो – – –

भूप मुद्दाम घेतला आहे. त्यात मध्यम आणि निषाद नाहीत, त्यामुळे अर्ध्या स्वराचं अंतर कुठेच येत नाही. तीन ओळी एकमेकींवर चढवल्या तरी कानाला खुपणारी टक्कर होत नाही. वरच्या ओळी एकाखाली एक वाचून बघा: पाचव्या मात्रेवर प, वरचा सा आणि खालचा सा एकत्र येतात, तिथे आवाज एकदम भरतो. माणसं तिथेच एकमेकांकडे बघतात. दुर्गा रागातही असं करता येतं. यमन-भैरवीत करायला जाल तर फार बेतून रचावं लागेल.

शिकवताना पहिली ओळ दोनदा गाऊन दाखवा आणि हाताने चढउतार दाखवा: सा कमरेशी, प छातीशी, वरचा सा कपाळाशी. मग हात त्यांच्याकडे करा आणि स्वतः गप्प बसा. हे सर्वांत अवघड आहे. शिकवणारा सोबत गात राहिला तर त्याला त्यांची चूक ऐकू येत नाही आणि त्यांना आधार सोडता येत नाही. तुमची ओळ, त्यांची ओळ, तुमची, त्यांची, मधे एकही मात्रा न सोडता, चार वेळा. चूक झाली तर “चुकलं” म्हणू नका. पुढच्या फेरीत तोच सूर किंचित ठसवून गा. चारदा होऊनही सुटत असेल तर ओळ अर्धी करा.

तिन्ही ओळी आल्या की सलग तीन आवर्तनं सगळ्यांनी एकत्र. एवढ्याने पहिल्या बैठकीचा अर्धा तास गेलेला असतो. इथेच थांबलात तरी चालेल. गट तयार वाटला तर पुढे जा.

कड्याचे दोन भाग करा, पुरुष-बायका असे नव्हे, कलिंगडाच्या फोडींसारखे. पहिला भाग सुरू करतो. तो दुसऱ्या ओळीवर गेला की दुसरा भाग पहिली ओळ उचलतो. दुसऱ्या भागाच्या तोंडाशी तुम्ही उभे राहा आणि त्यांना हाताने आत घ्या. पहिल्या भागाला तुमची गरज नसते. हे जमलं की तीन भाग. तेही जमलं की दोन पुरुष आणि दोन आज्या ‘हैया हो’ धरून बसतील.

थांबायचं कसं ते आधी सांगून ठेवा, नाहीतर तीन भाग तीन ठिकाणी विझतात. तुम्ही मूठ वर केली की जो भाग तिसऱ्या ओळीच्या शेवटच्या ‘रे’वर पोचेल त्याने तिथेच सा धरून राहायचं. आधी एक भाग पोचतो, मग दुसरा, मग तिसरा. सगळे सा वर आले की मूठ उघडा. टाळ्या वाजवू देऊ नका. कुणासाठी वाजवणार?

बिघडतं ते

*लय पळते.* कोकणात हे शंभर टक्के होतं, कारण आरतीची सवय लय चढवण्याची आहे. टाळ हे मुख्य कारण. चाळीस माणसांत टाळांच्या दोन जोड्या पुरेत. दहा जोड्या आल्या तर आठ कौतुकाने बाजूला ठेवा. पळायला लागली की थांबवू नका, टाळ बंद करून एक आवर्तन कुजबुजत म्हणवा. कुजबुजताना कुणी पळू शकत नाही. मग पुन्हा आवाज.

*सूर उतरतो.* दहा मिनिटं गायल्यावर पेटीवर सा दाबला तर गट अर्धा स्वर खाली सापडतो. खाली येताना माणसं उडी मोठी घेतात आणि वर जाताना आखूड. वरच्या गाण्यात प वरून ग वर येताना ग नेहमी थोडा खाली पडतो. तिथे हात खाली आणू नका, उलट किंचित वर धरा. सूर धरलेली पेटी एकदाही बंद होऊ नये. बुवांना कामाला लावलं आहे ते याचसाठी. एका जागी तासभर बसल्यानेही सूर उतरतो. मधे एकदा सगळ्यांना उभं करा.

*एकच आवाज वर येतो.* गावात एक तरी गळा असा असतो. त्याला हळू गायला सांगितलं तर तो रुसतो. त्याला तिसऱ्या भागाची जबाबदारी द्या, म्हणजे त्याला दुसऱ्यांची वाट बघावी लागते.

*मोबाईल.* पहिल्या आवर्तनालाच चार हात वर जातात. फोन धरलेला माणूस गात नाही, आणि समोरचा लाजतो. सुरुवातीलाच सांगा: शेवटचं एक आवर्तन चित्रित करू, एकच जण करेल, आणि ते गावाच्या गटाबाहेर जाणार नाही. हा शब्द पाळा.

*भाषणं.* कुणीतरी सरपंचांना बोलवतंच. त्यांना कड्यात बसवा आणि ‘हैया हो’ द्या. नारळ-शाल नको.

चहा

चहा शेवटी, आणि बसल्या जागी. उठून टेबलाकडे जायला लावलं की घोळके परत जुन्या वाट्यांनी पडतात. चाळीस जणांना अर्धा कप धरला तर दोन लिटर दूध, अडीच लिटर पाणी, १२० ग्रॅम चहा पावडर, ३५० ग्रॅम साखर, मूठभर गवती चहा आणि बोटभर आलं. कप वाटायचं काम दरवेळी वेगळ्या वाडीकडे. उन्हाळ्यात कोकम सरबत चालेल, पण बर्फ घालून गाण्याआधी देऊ नका.

आज्यांकडून ओवी घेताना

तिसऱ्या-चौथ्या बैठकीपासून गाणी गावातूनच यायला हवीत, आणि ती बहुतेक वेळा सत्तरीच्या पुढच्या बाईकडे असतात. बैठकीत “आजी, म्हणा काहीतरी” म्हटलं तर ती पदर तोंडाला लावते. तिच्या घरी जा, दुपारी, तिच्या सुनेला किंवा नातीला सोबत घेऊन. ती निवडत-सोलत असेल तर तुम्हीही हात लावा, ओव्या कामासोबत आठवतात. रेकॉर्ड करायचं असेल तर आधी विचारा. तिची पट्टी टिपून ठेवा. तिचा एखादा सूर तुमच्या पेटीच्या दोन पट्ट्यांच्या मधला असेल तर तो तसाच आहे, दुरुस्त करू नका.

बैठकीत ओवी बसवणं सोपं आहे. ओळ आजी म्हणते. ओळीच्या शेवटचा स्वर, तो ‘आ’ असो की ‘ई’, सगळे धरतात आणि ती पुढची ओळ उचलेपर्यंत सोडत नाहीत. श्वास संपला तर थांबा, घ्या, परत शिरा; सगळे एकदम श्वास घेणार नाहीत याची फक्त खबरदारी. तिच्या गळ्यात जोर नसेल तर धरणाऱ्यांनी ओठ मिटून धरावं. ओवीला ताल लावू नका. पखवाजवाल्याचा हात शिवशिवतो, त्याला पाणी प्यायला पाठवा.

चतुर्थीला चाकरमानी येतात तेव्हा

भाद्रपदात वाडी दुप्पट होते. मुंबई-पुण्याची मंडळी उत्साहाने शिरतात आणि अर्ध्या तासात गाणं सुधारायला लागतात: हार्मनी घालू, बीट टाकू, रील करू. त्यांना आतल्या कड्यात मुलांशेजारी बसवा आणि मुलांनी त्यांना ओळी शिकवाव्यात. त्या दिवसांत नवं गाणं घेऊ नका. घरोघरच्या आरत्या, जागर, विसर्जन यांतून मोकळी संध्याकाळ एखादीच सापडते. दीड दिवसाचे गणपती गेल्यावरची आणि गौरी यायच्या आधीची बघा.

दुसऱ्याच्या हाती देणं

चौथ्या बैठकीला मधोमध दुसरं कुणी बसलं पाहिजे. बाहेरून आलेला कलाकार गेला आणि गाणं बंद पडलं, असं बहुतेक ठिकाणी होतं, कारण कुणाला बसवलेलंच नसतं. गळा चांगला असलेल्यापेक्षा हाक मारायची सवय असलेला माणूस निवडा: अंगणवाडी सेविका, क्रिकेटच्या संघाचा कॅप्टन, लिलावात बोली पुकारणारी बाई. तिला आधी फक्त एक ओळ द्यायला सांगा, पुढच्या वेळी एक गाणं. गाण्यांची वही एकच ठेवा, शाळेच्या कपाटात. प्रत्येक गाण्याला खालचा सूर, वरचा सूर, सा कुठे, कोणाकडून मिळालं, एवढी चार टिपणं पुरतात.

त्या दिवशी तुम्ही बाहेरच्या कड्यात बसायचं. तिने सा उंच धरला तरी पहिली तीन आवर्तनं बोलायचं नाही. वरच्या सा वर गळे ताणले की तिचं तिलाच कळतं. नाहीच कळलं, तर बुवांकडे बघा. ते पेटीवरून खालची पट्टी देतील.